तुलोऊ, म्हणजे हक्का लोकांची मातीची गोल घरं: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मी कामानिमित्त दोनेक वर्षं चीनमध्ये शियामेनला होतो, तिथून तीनचार वेळा तुलोऊ बघायला गेलो आणि फोटो टाकले. तेव्हापासून तेच तेच प्रश्न येतायत. प्रत्येकाला वेगळं टाइप करून कंटाळा आला म्हणून एकदाच सगळं इथे लिहून टाकतोय. सोपे प्रश्न आधी, किचकट नंतर. एकाचं उत्तर दुसऱ्यात असेल तर नंबर दिलाय, तिकडे जा.

१. तुलोऊ म्हणजे नक्की काय? किल्ला की घर?

घर. फक्त किल्ल्यासारखं बांधलेलं. 'तु' म्हणजे माती आणि 'लोऊ' म्हणजे मजल्यांची इमारत, म्हणजे शब्दशः मातीची माडी. बाहेरून एक जाडजूड, तीन ते पाच मजली मातीची भिंत, बहुतेकदा एकच मोठा दरवाजा, खालच्या मजल्यांना बाहेरच्या बाजूने खिडक्या नाहीत. आत शिरलात की मधे उघडा चौक आणि भिंतीला आतून चिकटून गोलाकार खोल्याच खोल्या. एका तुलोऊत एक आडनाव, म्हणजे एक अख्खी भावकी. काही मोठ्या तुलोऊंमध्ये ८०० पर्यंत माणसं राहायची. आपल्याकडच्या कितीतरी वाड्यावस्त्यांची लोकसंख्या यापेक्षा कमी असते!

२. हे हक्का म्हणजे आपल्या हक्का नूडल्सवाले हक्का का?

हो, तेच. पण नूडल्स त्यांनी तिकडून आणलेल्या नाहीत. हक्का म्हणजे 'पाहुणे लोक'. हे हान चिनीच, पण शेकडो वर्षांत टप्प्याटप्प्याने उत्तरेकडून दक्षिणेत येत गेले. तोवर सपाट सुपीक जमीन आधीच्यांनी घेतलेली, म्हणून यांच्या वाट्याला डोंगर आले आणि वर 'पाहुणे' हे नावही चिकटलं. त्यांची स्वतःची हक्का भाषा आहे. त्यातले बरेच पुढे कोलकात्याला आले, तिथल्या टांगरा भागात चामड्याचे कारखाने काढले, हॉटेलं काढली, आणि त्या स्वयंपाकाची भारतीय जिभेशी गाठ पडून जे झालं ते आपण गाडीवर खातो. मी योंगदिंगमध्ये (तुलोऊंचाच एक भाग, प्र. ३ बघा) एका खानावळीत 'हक्का नूडल्स' म्हणून फोटो दाखवला तर मालकीणबाईंनी तो झूम करून बघितला आणि ढोबळी मिरचीकडे बोट दाखवून खूप हसल्या.

एक गोष्ट मात्र लक्षात घ्या, कोलकात्याचे हक्का मुख्यतः ग्वांगडोंग प्रांतातल्या मेइशियेन भागातले. तिथली हक्का घरं वेगळ्या ढंगाची असतात (प्र. १३ बघा). म्हणजे टांगऱ्यातल्या काकांचे आजोबा अशाच गोल घरात जन्मले असं सरसकट धरू नका.

३. नक्की कुठे आहेत ही घरं?

चीनच्या आग्नेयेला फुजियान प्रांत आहे, तैवानच्या समोरचा. त्याच्या नैऋत्य भागातल्या डोंगरात, मुख्यतः योंगदिंग, नानजिंग (ते मोठं शहर नव्हे, प्र. १६ बघा) आणि हुआआन या तीन भागांत. आजूबाजूला भाताची खाचरं, चहाचे मळे, तंबाखू. २००८ मध्ये युनेस्कोने यातल्या ४६ इमारती जागतिक वारसा यादीत घेतल्या. एकूण तुलोऊ किती असं विचारलंत तर तो आकडा तुम्ही तुलोऊ कशाला म्हणता त्यावर फिरतो, मातीचं प्रत्येक मोठं घर धरलं तर हजारोंनी आहेत.

४. सगळे गोलच असतात का? आणि गोल का?

नाही हो, चौकोनी भरपूर आहेत, लंबगोल आहेत, महालासारखे पायऱ्यापायऱ्यांच्या छपरांचेही आहेत. चौकोनी प्रकार आधीचा आणि गोल नंतर आला असं साधारण मानतात. गोलचे फोटो भारी येतात म्हणून आपल्याला तेवढेच दिसतात.

गोल का, याची कारणं बघितली की बांधणाऱ्याच्या डोक्याची दाद द्यावीशी वाटते. चौकोनी घरात कोपऱ्यातल्या खोल्या अंधाऱ्या, तिथे वारा नाही, मग त्या कोणाच्या वाट्याला यायच्या यावरून भावाभावांत भांडण. गोलात कोपराच नाही, सगळ्या खोल्या एका मापाच्या, सगळ्या दारांसमोर तोच चौक. तेवढ्याच लांबीच्या भिंतीत गोल आकारात आतली जागाही जास्त मिळते. वारा अडकत नाही, आणि शत्रूला लपून जवळ यायला कोपरा मिळत नाही. मला स्वतःला वाटणीचं कारण सगळ्यात पटतं. घर बांधतानाच वाटणीचा वाद मिटवून टाकला.

५. मातीची भिंत पावसात विरघळत कशी नाही? तिकडे तर वादळी पाऊस असतो!

सगळ्यात जास्त वेळा आलेला प्रश्न, त्यामुळे जरा सविस्तर सांगतो.

पहिली गोष्ट, ही लिंपलेली माती नाही, ठोकलेली माती आहे. लाकडी फळ्यांचा साचा उभा करायचा, त्यात जेमतेम ओलसर माती टाकायची, वर उभं राहून धुम्मसाने ती इतकी ठोकायची की टणक होईल, मग साचा पुढे सरकवायचा. मातीत वाळू, चुना आणि जुन्या पडक्या भिंतींची माती मिसळतात. प्रत्येक थरात बांबूच्या लांब कामट्या आणि देवदाराच्या जातीच्या झाडाच्या फांद्या आडव्या घालतात, काँक्रीटमध्ये सळया घालतो तसंच. भिंत तळाशी मीटर दीड मीटर, कुठे त्याहूनही जाड, आणि वर जाताना निमुळती.

दुसरी, माती जमिनीला टेकतच नाही. खाली नदीतल्या गोट्यांचं जोतं असतं, पुराचं पाणी आणि ओल तिथेच थांबते.

तिसरी आणि माझ्या मते सगळ्यात मोठी, वळचण. छप्पर भिंतीच्या इतकं बाहेर काढलेलं असतं की खालून बघताना टोपी मोठी झालेलं पोर वाटतं. पावसाचं पाणी भिंतीपासून लांब पडतं. कौलं फुटली आणि कोणी बदलली नाहीत की मग मात्र भिंत जायला वेळ लागत नाही, रिकामे पडलेले तुलोऊ असेच वरून खाली ढासळतात.

बांधायला घाई करत नाहीत. कोरड्या दिवसांत ठोकायचं आणि साधारण वर्षाला एक मजला, म्हणजे खालचा मजला वाळून बसतो आणि मगच त्यावर वजन येतं. चार मजली घर म्हणजे चारेक वर्षं धरा. तिथल्या गवंड्यांची एक म्हण मला फार आवडली, 'सूर्य भिंत ढकलतो'. ऊन लागणारी बाजू आधी वाळून कडक होते, सावलीची बाजू मऊच राहते, मग भिंत त्या मऊ बाजूला कलायला लागते. म्हणून मुरलेला गवंडी भिंत आधीच किंचित उन्हाच्या बाजूला झुकवून बांधतो, वाळली की सरळ होते. ओळंबा सगळ्यांकडेच असतो, हे कळायला मात्र हातात काम मुरावं लागतं.

६. मातीत भात, गूळ आणि अंडी घालायचे हे खरं का?

चिकट भाताची पेज आणि काकवीसारखी गडद साखर चुन्याच्या मिश्रणात घालायची पद्धत चिनी बांधकामात होती, तुलोऊतही जिथे जास्त मजबुती हवी तिथे ती वापरल्याचं सांगतात. अंड्याच्या पांढऱ्याचीही गोष्ट प्रत्येक गाइड सांगतो. पण चार मजली अख्खी भिंत भात-साखरेची, असं समजू नका. डोंगरातल्या गरीब लोकांनी तो भात खाल्ला असता. बहुतेक भिंत साधी लाल मातीच आहे आणि तिची ताकद ठोकण्यात आहे.

७. आत कोणाला कुठली खोली मिळायची? भाडं वगैरे?

भाडं नाही, सगळे हिस्सेदार. हक्का तुलोऊतली वाटणी उभी असते. एका कुटुंबाला तळमजल्यापासून वरपर्यंत एकावर एक अशा खोल्यांचा रकाना मिळतो. खाली स्वयंपाकघर, पहिल्या माडीवर धान्याची कोठी, त्याच्या वर झोपायच्या खोल्या. केकचा उभा तुकडा कापतात तसं. पण स्वतःच्या रकान्यात स्वतःचा जिना नाही! जिने सगळ्यांचे मिळून तीनचार, आणि प्रत्येक मजल्यावर गोल फिरणारी सामाईक गॅलरी. म्हणजे स्वयंपाकघरातून आपल्याच बेडरूमला जायचं तर अर्ध्या भावकीच्या दारावरून जायचं. गिरगावच्या चाळीत वाढलेल्या माझ्या मामांना फोटो दाखवला तर म्हणाले, "हे तर आमचंच, फक्त वाकवलंय."

मधल्या चौकात पूर्वजांचं दालन असतं. लग्न, मयत, सण, बैठका सगळं तिथे. आड चौकातच. बाहेरची भिंत, दरवाजा, आड, दालन हे सामाईक, बाकी ज्याचं त्याचं. चूल प्रत्येकाची वेगळी बरं का, 'एकत्र कुटुंब' म्हणजे एकाच पातेल्यात जेवण असं डोक्यात असेल तर काढून टाका.

८. माफ करा पण, टॉयलेट?

माफी कसली, हा प्रश्न पाचव्या नंबरच्या खालोखाल आहे. पूर्वी संडास बहुतेक ठिकाणी तुलोऊच्या बाहेर असायचे, रात्री खोलीत किंवा गॅलरीत लाकडी बादली. सकाळी ती खत म्हणून शेतात. आता बऱ्याच ठिकाणी बाहेरच्या बाजूला पक्के संडास बांधलेत. जिथे राहायची सोय आहे तिथे बुक करताना आधी हेच विचारा (प्र. १६ बघा).

९. सगळ्यात मोठा तुलोऊ कोणता?

व्यासाने, खोल्यांनी की माणसांनी, यावर भांडणं आहेत. नावाजलेला म्हणाल तर योंगदिंगच्या गाओबेइ गावातला छंगछी लोऊ, त्याला तुलोऊंचा राजा म्हणतात. १७०९ मध्ये पूर्ण झाला, जियांग आडनावाच्या भावकीचा. एकात एक अशी वर्तुळं आहेत. बाहेरचं चार मजली, मजल्याला ७२ खोल्या म्हणजे २८८, आतलं दोन मजली ८० खोल्यांचं, त्याच्या आत एकमजली ३२ खोल्यांचं आणि मधोमध पूर्वजांचं दालन. बेरीज केलीत तर ४००. दारावर दोन ओळी कोरल्यात, एक छंग अक्षराने सुरू होते आणि दुसरी छी ने, म्हणजे घराचं नाव त्यातच गुंफलंय, आणि आशय असा की पूर्वजांची मेहनत-काटकसर पुढे चालवा आणि पोराबाळांना अभ्यास आणि नांगर दोन्ही शिकवा.

याच घराची एक गोष्ट सगळीकडे ऐकू येते. एका लग्नाच्या पंगतीत दोन बायका शेजारी बसल्या आणि आपापलं घर किती मोठं याच्या बढाया मारायला लागल्या, बोलता बोलता कळलं की दोघी एकाच तुलोऊत राहतात, एक या बाजूला एक त्या बाजूला, आणि एकमेकींना ओळखत नव्हत्या. खरी असो नसो, तिसऱ्या मजल्याच्या गॅलरीतून एकदा खाली बघितलं की पटते.

सगळ्यात छोट्यांपैकी एक होंगखंग गावातला रुशंग लोऊ, तांदूळ मोजायच्या मापट्यासारखा दिसतो म्हणून नावच ते पडलंय.

१०. शत्रू आला तर करायचे काय? आणि शत्रू कोण?

दरोडेखोर, आणि खरं सांगायचं तर बऱ्याचदा शेजारचीच दुसरी भावकी, पाण्यावरून आणि जमिनीवरून मारामाऱ्या फार. दरवाजा जाड लाकडाचा, बाहेरून लोखंडी पत्रा ठोकलेला, आतून आडवा अडसर. दार जाळायचा प्रयत्न झाला तर वरच्या मजल्यावरून दरवाजावर पाणी सोडायला भोकं ठेवलेली असतात, ही मला सगळ्यात हुशारीची गोष्ट वाटली. वरच्या मजल्याला बंदुकीसाठी झरोके. धान्य माडीवर, पाणी चौकातल्या आडात, कोंबड्या-डुकरं आतच, त्यामुळे दार लावून दिवसच्या दिवस बसता यायचं.

पण खरी भीती आतल्या आगीची, कारण भिंत सोडली तर बाकी सगळं लाकूड. म्हणून होंगखंगमधला १९१२ चा चनछंग लोऊ बघा, अष्टकोनी बाग्वा चिन्हाप्रमाणे त्याचे आठ भाग केलेत आणि प्रत्येक दोन भागांच्या मधे विटांची भिंत. एक भाग पेटला तरी बाकीचे वाचावेत.

११. भूकंपात टिकतात का?

बऱ्यापैकी. गोल भिंत कड्यासारखी स्वतःला धरून ठेवते, खाली रुंद वर अरुंद, आत कामट्या (प्र. ५). योंगदिंगमधल्या १६९३ च्या ह्वानची लोऊची गोष्ट प्रसिद्ध आहे, १९१८ च्या मोठ्या भूकंपात भिंतीला वीतभर रुंद भेग गेली आणि पुढे ती बरीचशी आपोआप मिटली असं सांगतात, खूण अजून दाखवतात.

१२. डोंगरातल्या शेतकऱ्यांकडे एवढा पैसा आला कुठून?

तंबाखू. योंगदिंगचा बारीक कापलेला तंबाखू चिंग या चीनच्या शेवटच्या राजघराण्याच्या काळात देशभर खपायचा, आणि तो कापायच्या सुऱ्याही इथेच बनायच्या. चनछंग लोऊ बांधणारं लिन कुटुंब या सुऱ्यांवरच श्रीमंत झालं. दुसरा पैसा परदेशातला, आग्नेय आशियात गेलेल्यांनी घरी पाठवलेला. आपल्या घरात डोकेदुखीला लावतात तो टायगर बाम आहे ना, तो विकून गब्बर झालेल्या ऑ बून हॉचं मूळ गाव योंगदिंगमध्येच, वडील रंगूनला जाऊन वैदू झाले होते.

आणि मेहनतीचं म्हणाल तर बायकांची धरा. चीनभर बायकांचे पाय बांधायची पद्धत असताना हक्का बायकांचे पाय बांधत नसत, कारण शेत त्याच करायच्या.

१३. म्हणजे तुलोऊ = हक्का, बरोबर ना?

इथे बरेच जण चुकतात, मीही पहिल्या पोस्टमध्ये चुकलो होतो. सगळे तुलोऊ हक्कांचे नाहीत. हुआआन आणि नानजिंग भागात मिन्नान, म्हणजे दक्षिण फुजियानची भाषा बोलणाऱ्या लोकांचेही आहेत, आणि बाहेरून सारखे दिसले तरी आत फरक. हक्कांकडे सामाईक गॅलरी (प्र. ७), मिन्नान लोकांच्या बऱ्याच तुलोऊंमध्ये प्रत्येक कुटुंबाचा स्वतंत्र भाग, स्वतःचं दार, स्वतःचा जिना. उत्तम उदाहरण म्हणजे हुआआनमधला अरयी लोऊ, १७७० मध्ये पूर्ण झालेला, भिंत अडीच मीटरच्या वर जाड. तिथे सगळ्यांना जोडणारी वाट फक्त सगळ्यात वरच्या मजल्यावर भिंतीलगत आहे, संकटात धावपळ करायला. म्हणजे एरवी फ्लॅट आणि हल्ला झाला की चाळ.

उलट बाजूने, सगळे हक्काही तुलोऊत राहत नाहीत. शेजारच्या जियांगशी प्रांतात चौकोनी तटबंदीची वेइवू असतात, मेइशियेनकडे घोड्याच्या नालासारखी मागे वळलेली घरं. वेगवेगळी नावं, वेगवेगळी बांधणी, सगळ्याला तुलोऊ म्हणू नका.

१४. अमेरिकेला हे अणुक्षेपणास्त्रांचे अड्डे वाटले होते हे खरं का?

गोष्ट अशी की शीतयुद्धाच्या काळात उपग्रहाच्या फोटोत ही वर्तुळं दिसली आणि अमेरिकन गुप्तहेर तपासायला आले. चीनमध्ये प्रत्येक गाइड सांगतो, फॉरवर्डमध्येही फिरते. मला याचा धड पुरावा कुठेच सापडलेला नाही, त्यामुळे चहासोबत ऐकायची गोष्ट म्हणून ठेवा. बाय द वे, डिस्नेच्या २०२० च्या 'मुलान' चित्रपटात नायिका तुलोऊत राहते, तेही चूकच. मुलान उत्तरेतली आणि हे दक्षिणेतले, शिवाय तिच्या काळानंतर कित्येक शतकांनी आलेले.

१५. ते डोंगरावरून काढलेले पाच घरांचे फोटो कुठले? आणि ते किती जुने?

नानजिंगमधलं थ्येनलुओखंग, हुआंग भावकीचं. मधे चौकोनी, भोवती तीन गोल आणि एक लंबगोल, म्हणून लोक त्याला 'चार भाज्या आणि एक सूप' म्हणतात. मधला बूयुन लोऊ पहिल्यांदा १७९६ चा, पण १९३६ मध्ये दरोडेखोरांनी जाळला आणि १९५३ मध्ये परत बांधला. लंबगोल तर १९६६ चा! युनेस्कोच्या यादीतल्या इमारती पंधराव्या ते विसाव्या शतकातल्या आहेत. म्हणून 'हजार वर्षं जुनं' असं कुणी म्हटलं की आधी कुठलं घर ते विचारा. खरंच जुनं बघायचं तर छूशी गावातला १४१९ चा चीछिंग लोऊ, आणि त्याची गंमत म्हणजे हक्का असूनही तिथे कुटुंबागणिक वेगळे जिने आहेत, एकूण ७२. प्र. ७ आणि १३ मध्ये मी जे छातीठोकपणे सांगितलं त्याला हा अपवाद.

१६. जायचं कसं, आणि आत राहता येतं का?

शियामेनहून फास्ट ट्रेनने नानजिंग, तिथून बस किंवा टॅक्सीने तासाभराच्या वर घाट. पण सावधान, हे नानजिंग म्हणजे जियांगसू प्रांतातलं मोठं नानजिंग शहर नव्हे! देवनागरीत दोन्ही सारखंच लिहितो, चिनी अक्षरं वेगळी. मी पहिल्यांदा चुकीचंच तिकीट काढलं होतं, शेकडो किलोमीटर उत्तरेचं. किंमत बघून शंका आली म्हणून वाचलो. स्टेशनचं नाव चिनी अक्षरांत फोनवर ठेवा.

प्रत्येक समूहाचं तिकीट वेगळं. वरच्या मजल्यावर बऱ्याच ठिकाणी जाऊ देत नाहीत, कुठे थोडे पैसे घेऊन सोडतात, आणि ते बरोबरच आहे, लोक तिथे झोपतात. शाकाहारींनी आधीच सांगावं, भाजीतही डुकराची चरबी असू शकते.

राहता येतं, काही घरांत खोल्या देतात. आता आत मुख्यतः म्हातारी माणसं, तरुण मंडळी शहरात. मी राहिलो त्या घरात तीसेक रकान्यांपैकी रात्री सहा ठिकाणी दिवे होते. खाली आजीबाई बांबूच्या परड्यांत वाळत घातलेली केशरी फळं एकेक उलटत होत्या, मला जवळ बोलावून बोटभर कपात चहा दिला, मग दुसरा, मग सातवा. लाकडी गॅलरीत कुणी चाललं की अख्ख्या मजल्याला कळतं. टॉर्च जवळ ठेवा, संडास बाहेर आहे, आणि दार किती वाजता लावतात ते विचारून ठेवा, कारण अडसर एकदा पडला की बाहेरून कितीही हाका मारा, जाड भिंतीतून आत काही ऐकू जात नाही. मी अर्धा तास मारल्यात.